सुटकेची बातमी

तारीखभाऊ कोर्टात डोळे मिटून बसायचे. मागचा बाक, मांडीवर कापडी पिशवी, मान एका बाजूला कललेली. नवख्या वकिलांना वाटायचं, कुणाचा तरी कंटाळलेला पक्षकार असेल. पण साक्षीदार फिरला की डोळे उघडायचे. "सकाळी चहाच्या टपरीवर हाच गडी वेगळं बोलत होता," असं नंतर मला सांगायचे, आणि त्यातलं अक्षरही बातमीत घालायचे नाहीत. बाहेरचं बाहेर, कोर्टातलं कोर्टात.

नाव त्यांना नाशिकच्या इतर बातमीदारांनी ठेवलेलं. बाकीचे संध्याकाळी कुणाला तरी फोन करून निकाल विचारायचे. हे मात्र प्रत्येक तारखेला हजर. "निकाल काय, कोणीही लिहील. तारखा कोण भोगणार?" असं म्हणायचे. मी आमच्या पेपरच्या डेस्कवर. त्यांची बातमी कापणं हे माझं रोजचं काम, त्यामुळे आमचं रोजचं भांडण.

भांडणाचा विषयही ठरलेला. ज्याच्यावर गुन्हा दाखल झाल्याची बातमी आपण छापली, तो निर्दोष सुटला तर तेही छापायचंच, हा त्यांचा नेम. "पकडल्याला चार कॉलम दिलेस ना बाई? मग सुटल्याला चार ओळी दे."

"भाऊ, जागा नाही. आणि वाचतं कोण ते?"

"ज्याची आहे तो वाचतो."

बातमी आली की दुसऱ्या दिवशी अंक घेऊन स्वारी एसटीत. कधी दिंडोरी, कधी इगतपुरी. अंक त्या माणसाच्या घरी द्यायचा नाही, गावातल्या सलूनमध्ये ठेवून यायचं. घरातल्यांना तो निर्दोष आहे हे माहीतच असतं, गावाला कळायला हवं, आणि सलूनमधला पेपर गावभर वाचला जातो, असा त्यांचा हिशेब. या वेडापायी कमरेचे मणके गेले. मी ओरडायची, ते हसायचे.

केदाची बातमी मात्र राहिली. केदा नामपूरचा, कांद्याच्या खळ्यावर मापारी. मापात पाप करतो म्हणून त्याच्यावर फसवणुकीचा गुन्हा दाखल झाला, तेव्हा बातमी भाऊंनीच लिहिली होती आणि ती चांगली ठळक छापून आली होती. पुढे वर्षानुवर्षं तारखा. ज्या दिवशी तो सुटला, त्याच दिवशी पानभर जाहिरात आली. दुसऱ्या दिवशी संपादक म्हणाले, आता शिळी झाली.

 निवृत्त झाल्यावर भाऊ पुस्तक लिहायला बसले, अशा सुटलेल्या माणसांचं. पहिलं प्रकरण केदाचं आणि सगळ्यांत मोठंही तेच. मी कच्ची प्रत वाचली. चाळीस वर्षांत त्यांनी यापेक्षा चांगलं काही लिहिलं नव्हतं.

छापण्याआधी ते केदाला वाचून दाखवायचं, असा त्यांचा हट्ट. मलाही ओढून नेलं. नामपूरला पोहोचेपर्यंत माझी हाडं खिळखिळी झाली होती. केदाच्या दारात घराला रंग देणं चाललं होतं. त्यानं खाली मान घालून सगळं ऐकलं. मग हळूच म्हणाला, "भाऊ, पोरगीनं लगीन जमनं शे. आते कोनी तो इषय काढस नही. तुम्ही कशाले काढतस?"

परतीच्या एसटीत मी म्हटलं, पोरीच्या लग्नाची भीती असेल तर नाव बदला की.  "नाव बदललं तर सुटला कोण?" भाऊ एवढंच बोलले.

प्रकरण त्यांनी स्वतःच्या हातानं काढून टाकलं. पुस्तकाच्या प्रकाशनाला माणसांपेक्षा खुर्च्या जास्त होत्या. दोन वकिलांनी कौतुक केलं, एकानं तर पुस्तक न वाचताच. सगळे गेल्यावर भाऊ मला म्हणाले, "दमलो गं आता." असं ते पूर्वी कधी म्हणाले नव्हते. मला फार वाईट वाटलं.

या उन्हाळ्यात भाऊ गेले. दुसऱ्या दिवशी मी ऑफिसात त्यांच्यावर लिहीत बसले होते, तर समोर केदा. टोपी हातात. पेपरात वाचून तसाच निघाला होता म्हणे. पाणी प्यायला.

"ताई, पोरगीनं लगीन व्हई गयं. आते ती बातमी छापशात का?"

मी म्हटलं, "केदाभाऊ, फार जुनी झाली हो ती."

"भाऊ गयात. एक दिन मी बी जासू. मंग लोकेसना ध्यानमा ती पहिलीच बातमी ऱ्हाई."

मी लेख पुन्हा पुढे ओढला. भाऊंवरच्या लेखात जागा नेहमीसारखीच कमी होती. त्यांना मिळालेल्या पुरस्कारांचा परिच्छेद मी काढून टाकला आणि शेवटी लिहिलं: 'त्यांची एक बातमी छापायची राहिली होती. ती अशी: नामपूरचे मापारी केदा दगा अहिरे यांची फसवणुकीच्या आरोपातून न्यायालयाने निर्दोष मुक्तता केली आहे.'

संपादकांनी वाचलं, माझ्याकडे पाहिलं आणि पान छपाईला सोडलं.

सकाळी अंक घेऊन मी नामपूरच्या एसटीत बसले. सलूनमध्ये केदा आधीच येऊन बसला होता, दाढी झालेली असूनही. मी अंक बाकावर ठेवला. शेजारच्या माणसानं तो उचलला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं वाचायला लागला.