फुफाटीची राख आणि माझं सुंदर हस्ताक्षर

फुफाटी बघायला मी दुसऱ्यांदा गेलो तो निव्वळ बायकोच्या हट्टापायी. उडता न येणारा ड्रॅगन माणसाने आयुष्यात एकदा बघितला की पुरे. घाटातले उडणारे ड्रॅगन बघायला मुंबईहून लोक दुर्बिणी घेऊन येतात, कोकणातल्या पाणड्रॅगनांच्या जिवावर हॉटेलं चालतात. आमच्या पुण्याजवळच्या शिरूर-दौंडच्या वाट्याला काय आलं, तर शेळीएवढं, राखाडी, दिवसभर चुलीच्या राखेत लोळणारं जनावर. पंख आहेत, पण राख उडवण्यापुरते. दोन वर्षांपूर्वी ऑफिसच्या सहलीत गेलो तेव्हा फुफाटीने तेवढंच करून दाखवलं होतं, आणि मी पांढरी पँट घातली होती.

"मी नाही बघितलेली," मंजिरी म्हणाली. "शनिवारी जाऊ."

नगर रस्त्याची स्तुती करणारा माणूस मला अजून भेटायचा आहे. सकाळी सातला निघालात तरी वाघोलीत ट्रक तुमच्या आधी येऊन उभे असतात. कोरेगाव भीमाला चहा घेतला, तो चहा नव्हता, पाक होता. शिक्रापूरची मिसळ चांगली होती, हे नाइलाजाने लिहितो. पुढे रांजणगावपर्यंत कंपन्यांच्या बसेस आणि डबे लटकवलेल्या मोटरसायकली चुकवत गेलो की डाव्या हाताला 'फुफाटी दर्शन केंद्र' अशी पाटी लागते. पाटीवरची फुफाटी तोंडातून जाळ ओकते आहे. खरी फुफाटी फार तर नाकातून धूर सोडते. तिकीट वीस रुपये, कॅमेऱ्याचे पन्नास, आणि बाभळीखाली गाडी लावायचे दहा.

आत गेलो आणि फिनेलच्या वासाने नाक बंद झालं. गेल्या वेळची चूल आणि राखेचा खड्डा गायब. त्या जागी पांढरीशुभ्र फरशी, आणि फरशीच्या मधोमध फुफाटी मुटकुळं करून पडलेली. नाकातून धुराची रेघसुद्धा नाही.

"मेलीय का हो?" एका बाईंनी विचारलं.

"न्हाई मॅडम, आराम करतीय," व्यवस्थापक म्हणाला. हा इस्त्रीच्या शर्टातला तरुण गडी आम्हाला उत्साहाने माहिती देऊ लागला. "सोमवारी स्वच्छता स्पर्धेची कमिटी येतीय. कालच फरशी बसीवली. पैला नंबर आपलाच. समदं पुण्याच्या एका सायबांमुळं झालं बगा. अभिप्राय वहीत सूचना लिवली हुती त्यांनी. आमी फ्रेमच केलीय."

भिंतीवरच्या काचेत वहीचं पान होतं. 'सर्वत्र राख. अत्यंत गलिच्छ. चूल काढून स्वच्छ फरशी बसवावी. पुणेकरांकडून एवढे तरी शिकावे.'

अक्षर फार सुंदर होतं. माझं होतं. सहीचा कोणालाच बोध होत नाही, तेवढीच अब्रू वाचली.

मंजिरीने पान वाचलं. बावीस वर्षं ती किराणा मालाच्या यादीत तेच अक्षर वाचते आहे. माझ्याकडे एकदाच बघून ती व्यवस्थापकाकडे वळली. "हिला वाढवली कोणी?"

"राहू गावच्या आबांनी."

"गाडी काढ," ती मला म्हणाली.

राहूला जाणाऱ्या रस्त्यावर खड्डे चुकवायचे म्हटलं तर उसात जावं लागतं. भीमेवरच्या पुलापर्यंत मी एकाही खड्ड्याला नावं ठेवली नाहीत, आणि मला ओळखणाऱ्यांना यावरून माझी अवस्था कळेल.

आबा म्हणजे ऐंशीच्या घरातला ताठ म्हातारा. हयात मेंढरांमागे चालण्यात गेली. आता दोन एकर ऊस आहे आणि दोन्ही मुलं रांजणगावला कंपनीत आहेत. फरशीचं ऐकल्यावर ते बाजेवरून उठून उभेच राहिले.

"मंग राख कुठं गेली?"

"टाकून दिली म्हणे," मंजिरी म्हणाली.

"आवं ताई, त्येच तिचं घर! ज्या राखंत जलमली त्या राखंबिगर ती जगत न्हाई. आमी मुक्काम हलवायचो तवा आधी चुलीतली राख मडक्यात भरून घोड्यावर चढवायचो. जितं राख वतली तितं ही बसायची. मेंढरं तिच्या उबीला झोपायची, लांडगा जवळ येत न्हवता." ते परत बाजेवर टेकले. "घरात गॅस आला, चूल गेली. म्हून केंद्राला दिली तिला, राखंसकट. आता आंग गार पडलं आसंल तर दोन-तीन दिस जगंल. कोन शाना त्यो लिवनारा?"

मी समोरच्या गुऱ्हाळाचा धूर बघत होतो.

आबांनी आतून एक मडकं आणलं. सगळी राख द्यायला तेव्हा त्यांचं मन झालं नव्हतं, म्हणून हे एवढं मागे ठेवलेलं. माझ्या नव्या सीट कव्हरवर ते मडकं आणि चार गोवऱ्या बसल्या, मांडीवर हात ठेवून आबा बसले, आणि आम्ही परत निघालो.

केंद्रात व्यवस्थापक आडवा आला. "आबा, सोमवारी कमिटी हाय!"

"कमिटीला म्हनावं, मेल्याली बगा मंग." आबांनी मडकं खाली ठेवलं. "ज्यानं चूल मोडली त्यानंच आपल्या हातानं राख घालायची, आमची रीत हाय. आन् ती धूर सोडंपातुर हात धुवायचं न्हाईत. ये फुडं."

"म्या न्हाई मोडली. त्या पुण्याच्या सायबांनी लिवून दिलंय!"

सगळे फ्रेमकडे बघू लागले. गप्प राहणं सोपं होतं. मंजिरीही काही बोलली नसती, आणि तेच मला सहन होईना.

"ते मी लिहिलंय," मी म्हणालो.

आबांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मला वाटलं आता शिव्या पडणार. त्यांनी मडकं माझ्याकडे सरकवलं. "घाला मंग."

मी बूट काढले आणि ओंजळी भरभरून राख तिच्या अंगाभोवती घातली. विझलेल्या चुलीवरच्या तव्यासारखं गार होतं तिचं अंग. मला मनापासून लाज वाटली. आबांनी फरशीवरच गोवऱ्या पेटवल्या, व्यवस्थापकाने डोळे मिटून घेतले. बऱ्याच वेळाने फुफाटीने एक डोळा उघडला, पण धूर काही आला नाही.

"म्या बसतो हितं," आबा म्हणाले. "काय व्हईल त्ये फोनवर सांगतो."

परतीला राखेच्या हातांनी गाडी चालवली. घरी चमच्याने जेवलो. ज्या माणसाला बसचं तिकीट धरल्यावरही हात धुवावे लागतात, तो तसाच झोपला, आणि मंजिरीने त्याला चादर बदलायलाही सांगितलं नाही.

रविवारी सकाळी फोन आला. "सायेब, सोडला धूर! धुवा आता हात."

मी हात धुतले. रिसीव्हरवर पाच राखाडी बोटं उमटली होती, ती मात्र पुसली नाहीत.

जायचं असेल तर जरूर जा, पांढरे कपडे घालू नका. मंगळवारी व्यवस्थापकाचाही फोन आला होता. केंद्र नापास झालं होतं आणि तो संतापाने ओरडत होता. "कमिटीनं शेरा काय मारलाय म्हाईत हाय का? 'सर्वत्र राख.'"

मी त्याचं अभिनंदन केलं.