सुंदरा टाकीवालीचा डावा डोळा

तुमच्या घरच्या जात्याला शेवटची टाकी कुणी लावली, तिचं नाव सांगता येईल?

नाही येणार. बाई अंगणात येऊन बसली, छिन्नी-हातोडीने ठणठण करत दगडाच्या गुळगुळीत तोंडावर पुन्हा खाचा पाडल्या, तांदळाचं पीठ पहिल्यासारखं बारीक पडायला लागलं, आणि तुम्ही तिला विसरलात. म्हणून मी सांगतो. कर्जतपासून खालापूर-चौकपर्यंत निम्म्या घरांतल्या जात्या-पाट्यांना टाकी लावणारी ती सुंदरा. नवरा पोपट. तो दगड उचलून द्यायचा, गावात पुढे जाऊन हाळी घालायचा. टाकी मात्र तिचीच. पोपटने लावलेल्या टाकीचं पीठ जाडं येतं, हे तो स्वतःच सांगायचा.

बाईची जीभ टाकीपेक्षा धारदार. कर्जतात एका मोठ्या घरी तिला भर उन्हात फाटकाबाहेर बसवलं. घरातल्या अनसूयाबाई सावलीतून हुकूम सोडत होत्या. सुंदराने जात्याचा वरचा दगड चोख टाकवला, खालचा तसाच ठेवला आणि हत्यारं गुंडाळली.

"अगं, खालचा राहिला ना?"

"त्यो सावलीतला हाय, वैनी. सावलीत बसवाल तवा करीन."

आठ दिवस त्या घरात दळण झालं नाही. नवव्या दिवशी सुंदरा पडवीत बसली होती.

शेहेचाळीस सालच्या माघात, ऐन लग्नसराईत, दहिवलीत काम करताना तिच्या छिन्नीच्या माथ्याचा लोखंडी कपचा उडाला आणि डाव्या डोळ्यात घुसला. सोमवार होता. गावातल्या बायांनी त्यांना येत होतं ते सगळं केलं. एका लेकुरवाळीने अंगावरचं दूध डोळ्यात पिळलं, दुसरीने जिभेने कपचा काढायला बघितला. दोन दिवस ती डोळ्यावर एरंडेलाची पट्टी बांधून बसली. तिसऱ्या दिवशी, गुरुवारी, पोपटने तिला कर्जतच्या धर्मादाय दवाखान्यात आणलं.

दर गुरुवारी तिथे मुंबईहून डोळ्यांचे डॉक्टर यायचे. हेमचंद्र फणसे. मूळचे इथलेच, आजोबांचं घर अजून गावात आहे. हात चांगला, हे मी आज कबूल करतो. तोंड नाही. त्यांनी सुंदराचा उजवा डोळा झाकला, डाव्यावर बॅटरी मारली. "उजेड दिसतो?" "नाय." पापणी वर केली, बघितलं, कागदावर इंग्रजीत एक शब्द लिहिला, मोरू कंपाउंडरला म्हणाले, "अंगठा घे," आणि पुढच्या माणसाला बोलावलं. एवढंच. जिच्या डोळ्याचं काय करायचं ते लिहिलं होतं, ती समोर बसली होती.

पोपट कागद घेऊन धावत माझ्याकडे आला. स्टेशनच्या मालधक्क्यावर मी गवताच्या गाठी चढवायचो. हमालांची कमिटी मीच बांधली होती, आणि वखारीच्या रद्दीवरून इंग्रजी वाचायला शिकलो होतो, म्हणून लोक कागद माझ्याकडे आणायचे.

"वाल्मिकभाऊ, अंगठा लावू दे का तिला? वाचून सांगा."

मी एकेक अक्षर जुळवलं. एन्यूक्लिएशन. माझ्या चार आण्याच्या डिक्शनरीत तो शब्द नव्हता. मग दत्तोपंतांकडे पळालो. दत्तोपंत हायस्कूलमधून रिटायर झालेले, घरात विटेएवढी डिक्शनरी. त्यांनी चष्मा लावला, बोट फिरवत शब्द गाठला.

"कवचातून गर अख्खा बाहेर काढणे. आंब्याची कोय काढतो ना, तसं. डोळ्याच्या बाबतीत म्हणजे डोळा अख्खाच काढायचा." मी उठलोच होतो. ते पुढे म्हणाले, "अरे, थांब. हा शब्दाचा अर्थ झाला. वैद्यकीत हे कधी करतात, कशासाठी करतात, ते ह्यात नाही. ते डॉक्टरांना विचार."

विचारलं नाही. हे वाक्य मी मुद्दाम एकटंच लिहितोय.

दवाखान्याच्या ओसरीवर चढलो आणि ओरडलो. डॉक्टर गरिबांचे डोळे काढतोय. बरं करतो सांगून अंगठे घेतोय आणि आंब्याच्या कोयीसारखे डोळे उपटून फेकतोय. ओसरीवर सुंदरा धरून अठरा माणसं होती. कुणी मोतीबिंदूचं, कुणी नुसतं डोळे आलेलं. मोरू मध्ये पडला, "अरं वाल्मिक, आईक तरी," तर त्याच्या हातातली शाईची गादी मी खाली पाडली. आतून डॉक्टर "थांबा, थांबा" म्हणत बाहेर आले, पण माझा आवाज मोठा होता.

सुंदरा उठली. डॉक्टरसमोर जाऊन उभी राहिली.

"माजा डोळा म्हंजी काय कोय हाय का, चोखली न् टाकली?"

ती निघाली, मागून ओसरी रिकामी झाली.

आठवडाभर मी कर्जतचा राजा होतो. हॉटेलवाला चहा पुढे करायचा, हमाल पाठीवर थाप मारायचे. तुम्हीही असता तर थाप मारली असती, उगीच साळसूद चेहरा करू नका.

पुढच्या गुरुवारी डॉक्टर गाडीतून उतरले ते दवाखान्यात न जाता बॅग घेऊन थेट मालधक्क्यावर आले.

"पुढारी, ती बाई कुठे आहे?"

"तुमच्या हाती लागणार नाही एवढं सांगतो."

"तिचा डावा डोळा आत फाटलेला आहे. तो आता बघणार नाही, मी काढला काय, ठेवला काय. मला तो डोळा हवाय म्हणून नव्हतो काढत." ते हळू बोलत होते, आणि तेच मला जास्त लागत होतं. "असा फुटका डोळा आत राहिला, तर कधीकधी चांगला डोळाही बिघडतो. कपचा लागला नाही, मार लागला नाही, तरी जातो. का जातो ते आम्हालाही नीट कळलेलं नाही. एकदा सुरू झालं की हातात काही नाही. म्हणून फुटका आधी काढायचा. दोन आठवड्यांच्या आत. आज अकरावा दिवस."

माझ्या हातातला गाठी ओढायचा आकडा तसाच राहिला.

"हे तुम्ही तिला का नाही सांगितलं?"

"दिवसाला तीस-चाळीस माणसं येतात. प्रत्येकाची शिकवणी घेत बसू?"

"मग शिकवणी मी घेतली."

"घेतलीस. अर्धी. तिच्या दुसऱ्या डोळ्याचं काय झालं तर ते कुणाच्या नावावर लिहायचं, तूच सांग."

"दोघांच्या."

त्यांनी बॅग दुसऱ्या हातात घेतली. मग म्हणाले, "मी रविवारी मुद्दाम येईन. सकाळच्या गाडीने. तेरावा... नाही, चौदावा दिवस. ती नसली तर मला पुन्हा तोंड दाखवू नकोस."

सुंदरा-पोपट कर्जत सोडून चौकच्या बाजूला गेले होते. शुक्रवारी काम टाकून मी चालत निघालो. रस्ताभर काय बोलायचं ते जुळवत होतो. सभेत बोलणं सोपं असतं. समोर एक बाई बसलेली असली आणि आपण चुकलेले असलो, की शब्द सापडत नाहीत.

चौकच्या अलीकडे एका घराच्या अंगणात ती सापडली. एका डोळ्यावर फडकं, पुढ्यात पाटा, हातात टाकी. मी सगळं सांगितलं. तिने हात थांबवला नाही.

"मागल्या गुरवारी काढू देऊ नको म्हनलास. आता काढू दे म्हनतोस. माजा डोळा हाय का तुजी सभा?"

"चुकलं माझं, बाई. मला शब्दाचा अर्थ कळला होता, पण—"

"पन काय? अर्द्या अर्थाचा मास्तर." पोपट काहीतरी बोलायला गेला, तर त्यालाही सुनावलं. "तू गप रं. तूच कागद घिऊन पळालास ह्याच्याकडं. मी बसले व्हते ना तितं? मला इचारलंस, बाय, डाक्टरला काय इचारायचं हाय का? न्हाय. दोगं बापे पळाले, एक कागद घिऊन, एक बोंब घिऊन."

 

टाकीचे आणखी दहा-बारा ठोके पडले. मग तिने चांगल्या डोळ्याने माझ्याकडे बघितलं.

"दुसरा जातोच का?"

"जातो म्हणाले. कधीकधी."

"कधीकधी म्हंजी किती?"

"ते नाही विचारलं."

"बग. परत अर्दंच आनलंस." तिने पाट्यावरची कच डोळ्यात उडेल म्हणून फुंकली नाही, हाताने झाडली. "येते मी आईतवारी. तुज्या सांगन्यावरनं न्हाय. त्याच्या तोंडून आईकायला."

रविवारी ती आली. डॉक्टर आले होते, मोरूने सुया-हत्यारं उकळत ठेवली होती. सुंदराने टेबलावर बसायला नकार दिला. ओसरीवरच उभी राहिली. रविवारी दवाखाना उघडा बघून आलेली चार-पाच माणसंही तिथेच होती.

"डाक्टरसायब, त्यो शब्द बोला."

"एन्यूक्लिएशन."

"आता आमच्यात सांगा."

डॉक्टरांनी घड्याळ बघितलं. मग सांगितलं. बुबुळासकट डोळ्याचा गोळा अख्खा काढायचा. पापण्या राहतात, डोळा फिरवणाऱ्या दोऱ्या राहतात, मागची नस कापायची. सुईने बधिर करणार, तरी ओढल्यासारखं वाटेल. खोबण भरून येईल. ह्यानंतर त्या बाजूला कधीच दिसणार नाही.

"न्हाय काढला तर?"

"दुसरा जाण्याचा धोका."

"धोका म्हंजी जानारच?"

इथे डॉक्टर थांबले. मी त्यांच्याकडे बघत होतो. हेच सांगायला त्यांना इतके दिवस नको होतं, हे मला तेव्हा कळलं. "जाणारच" म्हटलं असतं तर ती लगेच बसली असती, त्यांचंही काम झालं असतं.

"नाही," ते म्हणाले. "शंभरातल्या थोड्यांचाच जातो. तुझा जाईल की राहील, मला सांगता येत नाही. पण गेला तर मी आणू शकत नाही."

ओसरीवर कुजबुज झाली. एक म्हातारा म्हणाला, "मंग कशाला काडतेस गं? थोड्यांचाच तर जातो."

सुंदराने त्याच्याकडे मान वळवली. "आजा, तडा गेल्याल्या जात्यावर मी टाकी लावत न्हाय. समद्या बाया म्हनतात, लाव गं, चालतंय की. चालतंय बी. धा जात्यांतलं एखादं दळता दळता फुटतं. पन फुटलं की बाईच्या मांडीवर येतं, आनि मांडी तिची असती, टाकी लावनारीची न्हाय." मग डॉक्टरांना म्हणाली, "ह्ये असं पयल्या दिशी सांगितलं असतंत, तर येवडं चालायला लागलं नसतं."

"तू त्या दिवशी विचारलं असतंस तर सांगितलं असतं."

"इचारायला तुमी थांबला कुटं?"

डॉक्टरांनी मोरूला अंगठ्याची गादी आणायला सांगितलं. तिने अंगठा लावला, कागद स्वतःच्या हाताने डॉक्टरांना दिला, पोपटला किंवा मला नाही.

डोळा काढला. महिन्याभरानंतर डॉक्टरांनी काचेचा डोळा बसवून देतो म्हटलं. "त्यानं दिसंल का? न्हाय? मंग तुमालाच र्‍हाऊ द्या," म्हणाली. त्या गोष्टीला आता दोन वर्षं होऊन गेली. तिचा उजवा डोळा शाबूत आहे. डावा ठेवला असता तरी कदाचित शाबूत राहिला असता, आणि ते कुणालाच कधी कळणार नाही. ती आता ठोका पडतो त्या क्षणाला डोळा मिटते, उघडते, पुढची खाच बघते, पुन्हा मिटते. काम हळू होतं. हळू होतं म्हणून कुरकुरणाऱ्या बाईला ती हत्यार पुढे करते, "घे, तूच लाव."

माझ्याशी ती बोलत नाही. रस्त्यात दिसलो तर बरोबरच्या बाईला ऐकू जाईल असं सांगते, "ह्यो बग, अर्द्या अर्थाचा मास्तर चालला." मी ऐकून घेतो. त्या गुरुवारी माझ्या ओरडण्यावरून ओसरीवरून पळालेली अठरा माणसं मी एकेक करून शोधली. चौदा परत आली. चार आली नाहीत. त्यातला एक मोतीबिंदूवाला कशेळ्याचा होता, त्याच्या घरापर्यंत गेलो आणि दारातून मागे फिरलो. त्याला आता दिसतं का, हे आत जाऊन बघायचा धीर झाला नाही.

डॉक्टर फणसे अजून येतात. अजून तीस-चाळीस माणसं असतात, अजून कागदावर इंग्रजीत शब्द पडतो आणि मोरू गादी पुढे करतो. डॉक्टर बदलले असं मी म्हणणार नाही. विचारलं की सांगतात, एवढंच. विचारणारं माणूस मात्र समोर असावं लागतं. मी दर गुरुवारी धक्क्यावरून सुट्टी काढून ओसरीवर बसतो. पण माझं इंग्रजी रद्दीचं आहे, आणि माझ्या तोंडून आलेलं अर्धं असतं, हे आता सगळ्या तालुक्याला माहीत आहे.

तुम्ही मॅट्रिक झालात, फायनल झालात, कचेरीत चिकटलात, घरात पुस्तकं आहेत, आत्ता हातात धरलंय तेही त्यातलंच एक. तुमच्या शिक्षणाचा मला राग येतो, लपवत नाही. म्हणून भाषण नको, देणगी नको, सहानुभूती तर मुळीच नको. येत्या गुरुवारी सकाळी आठ वाजता कर्जतच्या दवाखान्याच्या ओसरीवर या. कागदावरचा शब्द वाचा, हा ह्याच माणसाला आजच का लावलात असं डॉक्टरांना विचारा, आणि मिळेल ते उत्तर, "कधीकधी"सकट, त्या माणसाला त्याच्या बोलीत, त्याच्या तोंडावर सांगा. अंगठा त्यानंतर पडू द्या.