अजून एकदा पाडा

सावंगीच्या दवाखान्यात गुडघ्याला पट्टा बांधलेली एक मुलगी माझ्या शेजारी बसली होती. मी शहाणपणानं विचारलं, "स्कुटीवरून पडलीस?"

"नाई काका, फुटबॉलमंधी. क्लबात पगारावर आहो, मिडफिल्डर."

"म्हणजे खूप गोल मारत असशील!"

"माहं काम बॉल पुरवाचं. गोल बाकीच्या मारतेत."

गुडघ्याची कळ थांबली नाही तर क्लब तिच्या जागी दुसरी खेळाडू घेणार होता, असं तिनं सांगितलं. ती सारखी डॉक्टरांच्या दाराकडे बघत होती. धीर द्यावा म्हणून मी चिवड्याचा डबा उघडला आणि सवयीप्रमाणे झाकण पाडलं. ते घरंगळत निघालं. तिनं न बघताच पायानं अडवून ते माझ्याकडे सरकवलं. दुखऱ्याच पायानं!

"दुखलं का गं?"

ती गुडघ्याकडे बघतच राहिली. "नाई ना! काका, अजून एकदा पाडा नं!"

माझ्या वेंधळेपणाला आजवर बायकोची बोलणी मिळाली होती, मागणी पहिल्यांदाच आली. मी अख्खा डबाच हातातून सोडला.