आई कॅरिबियन समुद्रात उतरली तेव्हा

२००६ सालचा मार्च. कॅरिबियनमधल्या एका छोट्या बेटाच्या लाकडी धक्क्यावर आम्ही तिघं बोटीची वाट बघत उभे होतो… मी, माझा नवरा आणि आई. समोरचा समुद्र बघून आईनं पहिला प्रश्न विचारला, "एवढं पाणी आडवलंय कुठं?"

तिचंही बरोबर होतं. आम्ही महाळुंगे पडवळ या गावचे. आमच्याकडे एवढं पाणी म्हणजे धरणच. मी तेव्हा अमेरिकेत नोकरी करत होते आणि आई दोन महिने माझ्याकडे आली होती. कांदा काढणीला आला म्हणून अण्णा, म्हणजे माझे वडील, आले नाहीत.

ट्रिप दिवसभराची होती, बोटीवर आमच्यासोबत आणखी आठ-दहा पर्यटक. बोटीनं तीन बेटं, मधे जेवण आणि दोन ठिकाणी स्नॉर्केलिंग… म्हणजे डोळ्यांवर काचेचा मास्क, तोंडात नळी, आणि पालथं तरंगत पाण्याखालचं बघायचं. गाईड होता मार्कस, चाळिशीचा, मूळचा मासेमारी करणारा.

आईला इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं, पण तिचे प्रश्न काही संपेनात. हे झाड कसलं, इथं पाऊस कधी, प्यायचं पाणी कुठून आणता, तुला शेती किती… भाषांतर करून मी दमले. मार्कस मात्र खुशीत होता. म्हणाला, बाकीचे लोक मला फक्त शार्क आहेत का तेवढंच विचारतात.

पहिल्या ठिकाणी बोट थांबली. नवऱ्याला बोट लागली होती, तो डोळे मिटून आडवा. आणि आई म्हणते, "मी उतरते."

मी नको नको म्हणत होते. तर म्हणाली, "नदीत पवायला शिकलीय मी. तुझ्या त्या टाकीत न्हाई." टाकी म्हणजे आमच्या बिल्डिंगचा स्विमिंग पूल. शेवटी माझी ट्रॅकपँट आणि टी-शर्ट घातला, वर नारिंगी लाइफ जॅकेट. पायऱ्या उतरता उतरता हळूच म्हणाली, "अण्णांना सांगू नको बरं."

आधी नाकातोंडात खारट पाणी गेलं, ठसका लागला. पण नळीनं श्वास घ्यायचं तंत्र जमल्यावर ती वर येईचना… निळे मासे, पिवळे मासे, पंख्यासारखी हलणारी झाडं. काही नवीन दिसलं की माझा हात ओढायची.

दुसऱ्या ठिकाणी पूर्वी दगडी धक्का होता. एका वादळात तो गेला, पण त्याची भिंत पाण्याखाली उभी आहे, असं मार्कसनं सांगितलं. आम्ही पुन्हा उतरलो. मी पाच मिनिटं मास्क नीट करत बसले, आणि मान वर केली तर आई शेजारी नव्हती.

मार्कसनं डोकी मोजली… एक कमी. त्यानं शिट्टी वाजवली. सगळ्यांनी वळून बघितलं, फक्त लांब एक नारिंगी जॅकेट तसंच पालथं होतं. हलत नव्हतं.

तेवढं अंतर मी कसं कापलं, मला आठवत नाही. मार्कस माझ्या आधी पोहोचला. त्यानं तिच्या खांद्याला हात लावला, तर तिनं मान न उचलता नुसता एक हात वर केला… थांबा जरा.

मी गेले तेव्हा तिनं नळी काढली आणि म्हणाली, "भिंत हाय खाली. दगड न् दगड दिसतोय."

बोटीवर आल्यावर मी रागावणारच होते. पण टॉवेल गुंडाळून बसलेल्या आईचा चेहरा बघून तिच्या शेजारी जाऊन बसले.

आईचं माहेर घोड नदीच्या काठचं. मी शाळेत असताना ते गाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली गेलं. त्यानंतर त्या बाजूला कधी जाणं झालं, तर धरण दिसायला लागलं की आई मान फिरवून बसायची. मला वाटायचं, तिला एसटी लागते.

"दारं, वासे, कौलं आमी काढून आणली," ती सांगायला लागली. "भिंती तशाच ऱ्हायल्या. मला आपलं वाटायचं, तिथं आता नुसता अंधार असंल. डोळं मिटलं की घर काळंमिट्टच दिसायचं… पर पाण्याखाली बी ऊन जातं की गं."

आमच्या धरणाचं पाणी गढूळ असतं, इतकं आत दिसत नाही, हे अगदी माझ्या ओठांवर आलं होतं.

ती काय म्हणाली, असं मार्कसनं विचारलं. मी जमेल तसं सांगितलं. मग बोटीवरच्या बाकी मंडळींकडे वळून त्यानं विचारलं, पुढच्या बेटावर दहा मिनिटं उशिरा गेलो तर चालेल का? कुणीही नाही म्हणालं नाही.

तो आईला घेऊन पुन्हा पाण्यात उतरला. या वेळी मी बोटीवरूनच बघत होते. ती वर तरंगत होती, आणि तो खाली बुडी मारून भिंतीच्या एकेका फटीवर बोट ठेवून तिला काहीतरी दाखवत होता.

परत आल्यावर आईनं केस पिळले आणि म्हणाली, "फटीफटीत मासे ऱ्हातात. पिल्लं बी हायेत."

मे महिन्यात ती घरी गेली आणि एक दिवस अण्णांना घेऊन डिंभ्याच्या काठावर जाऊन बसली. अण्णांचा फोन आला, "दीड तास झाला, उठतच न्हाई. नुसती पाण्याकडं बघतीय… हसतीय पण."

मार्कसचं आडनावही मला माहीत नाही. निघताना गडबडीत त्याला नुसतं थँक्यू म्हणाले होते, तेही चालता चालता… त्या दहा मिनिटांत त्यानं माझ्या आईला काय दिलं, ते मला अण्णांच्या त्या फोननंतर कळलं.