यासीनभाईंचं जुनं लिनक्स

बटण दाबल्यावर यासीनभाई पडद्याकडे बघत नसत. संगणकाच्या डब्याला कान लावून हार्डडिस्कचा आवाज ऐकत. "बराबर फिरून राहिली," म्हणाले की मगच खुर्ची ओढत.

कळमनुरीत त्यांचा कॉम्प्युटर क्लास होता. लिनक्स ही संगणक चालवणारी प्रणाली नवी होती तेव्हा मासिकासोबत आलेल्या सीडीवरून ते स्वतःच शिकले. आमच्या शाळेचं प्रवेश-रजिस्टर त्यांनीच शाळेच्या संगणकावर त्यात उतरवलं. पुढे क्लास बंद पडला, शाळेनं ते मशीन काढून टाकलं, तेव्हा यासीनभाई ते घरी घेऊन गेले. रजिस्टरचा प्रोग्राम आजच्या लिनक्सवर चालत नसे. "हे नातू हाय त्याचं," ते म्हणत, "पर आज्याची बोली याला समजत न्हाई."

मी त्या शाळेत लिपिक. गेल्या वर्षी आमची जुनी विद्यार्थिनी शोभा रडत आली. अंगणवाडी सेविका म्हणून निवड होताना जास्तीचं वय लपवलं, शाळेचा दाखला बनावट आहे, अशी तिच्याविरुद्ध तक्रार झाली होती. त्याच दिवशी चार वाजता हिंगोलीत सुनावणी होती आणि मूळ रजिस्टर गळतीत कुजलेलं. तिला शाळेत बसवून मी यासीनभाईंकडे धावले.

डिस्क सुरू झाली ती खटखट वाजतच. त्यांचा चेहरा उतरला. "एकदाच वाचू देईल बहुतेक," ते म्हणाले. काळ्या पडद्यावर नावं सरकू लागली. शोभाचं नाव आलं. जन्मसाल दाखल्यापेक्षा एक वर्ष आधीचं! म्हणजे वयोमर्यादा ओलांडलेली, नोकरी गेलीच.

"एकच आकडा हाय, भाई. बदला."

"मी ही डिस्क फक्त वाचायला उघडली, ताई."

"तिची लेकरं उघड्यावर पडतील!"

त्यांनी कीबोर्डवरचं बोट उचललं. मग म्हणाले, "हे बोट माझंच. एक जण वाचून दाखवायचा, मी टाइप करायचो. चूक झाली असंल. पर ते दुसऱ्या कागदावर दिसाय पाहिजे. पोरगी पहिली कुठं शिकली?"

जवळा बाजार गावाशेजारच्या वस्तीशाळेत, मी सांगितलं.

नोंद त्यांनी जशीच्या तशी छापली. ही आपण ऐकून टाइप केली, चुकीची असू शकते, असं खाली लिहून सही केली आणि सुनावणीला स्वतः उभे राहिले. सुनावणी घेणाऱ्या साहेबांनी दुसरा पुरावा आणायला आठ दिवस दिले. त्या आठ दिवसांत मी यासीनभाईंशी एक शब्द बोलले नाही.

सातव्या दिवशी वस्तीशाळेचं रजिस्टर मिळालं. दाखल्यावरचंच साल त्यात होतं. नोकरी वाचली. यासीनभाई शोभाच्या दारात गेले. "बाई, माझ्या बोटानं तुमचं वय वाढवलं. माफ करा."

"आठ दिस घास उतरला न्हाई, भाई," ती म्हणाली. ते मान खाली घालून उभे राहिले. मग तिनं खुर्ची पुढे केली.

मी आकडा बदलायला सांगितला होता, हे त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. या उन्हाळ्यात यासीनभाई वारले. मग शोभाला ही गोष्ट मीच सांगितली.

"म्हणजे तुमी खरं सालच टाकाय सांगत होता की," ती म्हणाली.

व्हय. पण ते साल खरं आहे, हे तेव्हा मला कुठं ठाऊक होतं!