चार बोटं ऊन

लामता गावाजवळच्या आमच्या सूर्यमंदिराचा मिस्त्री घड्याळ वापरत नसे. वेळ विचारली की सावली पाहून सांगे, आणि ती सहसा चुकत नसे. भर दुपारी छताच्या झरोक्यातून ऊन देवाच्या पायाशी जाणाऱ्या पितळी रेघेवर पडावं, असं ठरलं होतं. स्थापनेच्या आदल्या दिवशी ते चार बोटं बाजूला पडलं.

समितीतर्फे मीच म्हणालो, “राहू द्या मिस्त्री, कोणाले दिसते?”

“मले दिसते ना, भाऊ.”

शिडी लावून त्यानं स्वतःच्या हातचा झरोका फोडला. स्थापना आठ दिवस लांबली. मी त्याला नाही नाही ते बोललो. तो नुसतं “हौ” म्हणत काम करत राहिला.

नवव्या दिवशी ऊन नेमकं रेघेवर उतरलं. पहिला नारळ फोडायचा मान माझा होता. मी तो मिस्त्रीच्या हातात दिला.