पडल्यावर वाजणारा सूर

वाशीमहून रिसोडकडे निघालेल्या एसटीत तो माझ्या शेजारी बसला होता. पुढच्या सीटवरची बाई फोनवर विनोदी सिनेमा बघत होती, तोही सगळ्या बसला ऐकू जाईल एवढ्या आवाजात. मला याचा भारी वैताग येतो. नायक धपकन पडला की पिपाणीचा चिरका सूर वाजायचा आणि आजूबाजूचे हसायचे. माझ्या शेजाऱ्याचं बोट मात्र तो सूर यायच्या किंचित आधीच मांडीवर आपटायचं.

"पाह्यलेला दिसते सिनेमा," मी म्हटलं.

"संगीत माह्यंच हाय त्याचं," तो म्हणाला. "मुंबईले राह्यतो. कॉमेडीच भेटते मले. सिनेमात कोनी पडनार असलं की माही आठवन होते लोकाईले."

"मंग आता सुट्टीवर?"

"नाही. केनवडले चाललो. माय गेली. काल अंगनात पडली, घरी कोनीच नव्हतं."

मी फोन बंद करायला सांगणार, तेवढ्यात त्यानं माझा हात धरला.

"राहू द्या. हसून राह्यले लोकं."

तो खिडकीबाहेरची तूर बघू लागला. मग माझ्याकडे न बघताच म्हणाला, "मायले एकच सिनेमा दाखवला होता म्या. हसली नाही. म्हने, मानूस पडला का तू बाजा वाजवतं. त्याले उचलत काहून नाही कोनी?"

पुढच्या फोनवर नायक पुन्हा पडला. पिपाणी वाजली, लोक हसले.

ते बोट त्यानं दुसऱ्या हाताच्या मुठीत घट्ट धरून ठेवलं होतं.